प्रशस्तिपत्रे आणि बर्कची पत्रे

लोकसभेची निवडणूक आली की दिल्लीतील वार्ताहरांची वाराणसीवारी ठरलेली. २०१४ पासून तो पंतप्रधानांचा मतदारसंघ असल्याने ही वारी चुकवणे कोणालाच परवडत नाही. अस्सीवरच्या चहाच्या दुकानात चार मते टिपायची, दशाश्वमेधावर आरती पाहायची, डिसेंबर २०२१ मध्ये खुल्या झालेल्या विश्वनाथ धामातून एक फेरी मारायची आणि पूर्वांचलाचा कल सांगणारा मजकूर धाडून परतायचे, हा शिरस्ता. प्रस्तुत लेखकही त्याला अपवाद नाही. मात्र मराठी वार्ताहराची पावले एकदा तरी पंचगंगेच्या दिशेने, दूधविनायकाच्या गल्ल्यांकडे वळतात. पेशवाईच्या काळात नारायण दीक्षित पाटणकरांसारखे वैदिक काशीत येऊन स्थायिक झाले, पुण्याच्या आश्रयाने घाट आणि वाडे उभे राहिले आणि ब्रह्माघाट, दुर्गाघाट, दूधविनायक हा टापू काशीतील मराठी माणसांचा मानला जाऊ लागला. येथील मराठी घरांत आडनावे कोकणातली आणि देशावरची असली, तरी बोलण्यात बनारसी हेल केव्हाच मुरला आहे.

या मराठी काशीच्या इतिहासातील एक कागद संसदेचे वार्तांकन करणाऱ्याने ध्यानात ठेवावा असा आहे. बंगालचा पहिला गव्हर्नर जनरल वॉरन हेस्टिंग्ज याच्यावर ब्रिटिश संसदेत महाभियोग चालू असताना काशीच्या पंडितांनी त्याच्या बाजूने संस्कृतात प्रशस्तिपत्रे लिहून दिली. सह्या करणाऱ्यांत महाराष्ट्रीय पंडितही होते. सुरेंद्रनाथ सेन आणि उमेश मिश्र यांनी १९५१ साली अलाहाबादेहून संपादित केलेल्या संस्कृत कागदपत्रांच्या संग्रहात ही प्रशस्तिपत्रे वाचावयास मिळतात. हेस्टिंग्जने प्रजेस संतुष्ट राखले, काशीत उत्तम न्यायाधीश नेमला, यात्रेकरूंना अभय दिले, विश्वेश्वराच्या देवळापाशी नौबतखाना बांधवला, अशा आशयाची ही स्तुती आहे. साहेबावर विलायतेत खटला चालला आहे आणि काशीचे शास्त्री त्याच्या सद्वर्तनाचा दाखला देत आहेत, असे हे दृश्य. आपल्या पूर्वजांचे ते आहे म्हणून त्याकडे डोळेझाक करता येत नाही, आणि ते लाजिरवाणे ठरवून मोकळे होण्यातही शहाणपण नाही.

या सह्यांच्या नेमक्या विरुद्ध बाजूला एक पत्रव्यवहार उभा आहे. हेस्टिंग्जवर महाभियोग आणणारा मुत्सद्दी आणि राजकीय तत्त्वचिंतक एडमंड बर्क याची पत्रे टॉमस कोपलँड यांच्या प्रमुख संपादकत्वाखाली १९५८ ते १९७८ या वीस वर्षांत दहा खंडांत प्रसिद्ध झाली. बर्क आपल्या राज्यशास्त्राच्या पाठ्यपुस्तकांत भेटतो तो फ्रेंच राज्यक्रांतीचा टीकाकार आणि पुराणमतवादाचा आद्य भाष्यकार म्हणून. संसदेत त्याचे नाव निघते ते १७७४ साली ब्रिस्टलच्या मतदारांपुढे केलेल्या भाषणासाठी. प्रतिनिधीने मतदारांच्या आज्ञेप्रमाणे नव्हे, तर स्वतःच्या विवेकाप्रमाणे मत द्यावे, हा त्या भाषणाचा इत्यर्थ. पक्षांतरबंदी कायद्यावर चर्चा निघाली की कोणीतरी त्याचा दाखला देतोच. पत्रांतून दिसणारा बर्क याहून निराळा आहे. तेथे सिद्धान्त कमी आणि खटपट अधिक. कोणाकडून कोणता कागद मिळेल, कोणाची साक्ष काढता येईल, कोणता सभासद मतदानाला येईल आणि कोणता ऐनवेळी गावी निघून जाईल, याचा अखंड घोर त्याला लागलेला आहे. मराठी वाचकाने हे खंड चाळावेत याला आणखीही एक कारण आहे. चौथ्या खंडात बर्कने रघुनाथराव पेशव्यांना लिहिलेले पत्र आहे.

त्याची हकीकत अशी. पुण्याच्या बारभाईंनी बाहेर ठेवलेल्या रघुनाथरावांनी इंग्रजांचे साह्य मिळावे म्हणून थेट लंडनला वकील पाठवले. हनुमंतराव हा ब्राह्मण आणि त्याच्यासोबत मणियार रतनजी हा पारशी व त्याचा मुलगा, असा हा चमू १७८१ मध्ये लंडनमध्ये होता. राजकीय कामगिरी निष्फळ ठरली. पण त्याहून मोठी अडचण रोजच्या जेवणाची होती. स्वतःच्या हाताने, सोवळ्यात स्वयंपाक करणाऱ्या माणसाला लंडनच्या बिऱ्हाडात चूल कोठून मिळणार? बर्कने या मंडळींना बीकन्सफील्डच्या आपल्या घरी नेले आणि झाडे ठेवण्याचे काचघर त्यांच्या स्वयंपाकासाठी व स्नानसंध्येसाठी मोकळे करून दिले. हिंदूंच्या चालीरीतींविषयी त्यांचे म्हणणे संसदीय समितीपुढे ऐकलेही गेले. रघुनाथरावांना लिहिलेल्या पत्रात बर्क हनुमंतरावाच्या आचारनिष्ठेची वाखाणणी करतो आणि त्याला आरंभी जे हाल सोसावे लागले त्यांचे कारण इंग्रजांचे अज्ञान होते, दुष्टपणा नव्हता, असे कळवतो. या दूतांना मायदेशी परतल्यावर समुद्रगमनाचे प्रायश्चित्त घेण्यासाठी सोन्याच्या योनिप्रतिमेतून बाहेर पडावे लागले, असे काशीत राहून लिहिणाऱ्या फ्रान्सिस विल्फर्डने नोंदवले आहे.

प्रसंग लहान आहे, पण बर्कच्या पुढील पंधरा वर्षांच्या उद्योगाची किल्ली त्यात सापडते. तो हिंदुस्थानात कधीच आला नाही. त्याने येथील माणूस पाहिला तो असा, आपल्या काचघरात चूल मांडून बसलेला. ज्याचा आचार आपल्याला पटत नाही, भाषा कळत नाही, मत आपल्याला कधी मिळणार नाही, अशा माणसाचीही काही व्यवस्था असते आणि ती मोडण्याचा अधिकार आपल्याला नाही, एवढी गोष्ट त्याने त्यातून उचलली. १७८१ पासून संसदेच्या निवड समितीत बसून त्याने कंपनीच्या कारभाराची कागदपत्रे उपसली. १७८३ साली आलेले त्या समितीचे नववे आणि अकरावे प्रतिवृत्त मुख्यतः त्याच्याच लेखणीचे आहेत.

हनुमंतराव विलायतेत होता त्याच वर्षीच्या ऑगस्टमध्ये काशीत निराळे नाट्य घडत होते. १७७५ साली अयोध्येच्या नवाबाकडून काशीचा मुलूख कंपनीच्या वर्चस्वाखाली आला. राजा चेतसिंहाने वर्षाला साडेबावीस लाख रुपये भरावेत, असे ठरले होते. युद्धखर्चाची निकड दाखवून हेस्टिंग्जने १७७८ पासून दरसाल आणखी पाच लाख मागितले. मग घोडदळ मागितले. ते मिळण्यास विलंब झाला तेव्हा पन्नास लाखांचा दंड वसूल करण्याचे मनात धरून तो स्वतः काशीत दाखल झाला. १६ ऑगस्ट १७८१ रोजी शिवाला घाटावरच्या वाड्यात चेतसिंहाला कैद करण्यात आले. पहाऱ्यावरच्या शिपायांकडे दारूगोळाच नव्हता. रामनगरहून आलेल्या राजाच्या माणसांनी त्यांना कापून काढले, राजा पागोट्यांच्या दोराने गंगेच्या बाजूस उतरून निसटला आणि काही दिवसांतच गव्हर्नर जनरलला रातोरात चुनारच्या किल्ल्याकडे पळ काढावा लागला. त्या पळापळीची थट्टा बनारसी माणसाच्या तोंडी आजही आहे. पुढे चेतसिंहाला महादजी शिंद्यांनी आश्रय दिला आणि १८१० मध्ये त्याचा शेवटही ग्वाल्हेरीतच झाला. काशीच्या गादीवर त्याचा भाचा महीपनारायण सिंह बसवला गेला आणि वार्षिक भरणा चाळीस लाखांवर नेण्यात आला. हा पैसा अखेर रयतेकडूनच वसूल व्हायचा होता.

हेच प्रकरण महाभियोगाचे नाक ठरले. १३ जून १७८६ रोजी कॉमन्स सभागृहात चार्ल्स जेम्स फॉक्सने काशीचा आरोप मांडला. दंडाची रक्कम अपराधाच्या मानाने अवाजवी होती, असे म्हणून पंतप्रधान पिटने सर्वांना चकित करीत आरोपाच्या बाजूने मत दिले आणि तो ११९ विरुद्ध ७९ मतांनी संमत झाला. पत्रव्यवहार वाचल्याशिवाय या मतदानाचे मोल कळत नाही. कारण त्याच्या सहा महिने आधी, १० डिसेंबर १७८५ रोजी, फिलिप फ्रान्सिसला लिहिलेल्या पत्रात बर्कने हेस्टिंग्ज दोषी ठरणे अशक्य आहे, हे स्वच्छ मान्य केले होते. त्याला शिक्षा कशाने होईल याचा विचार आपण करीत नाही, तर पुढच्या काळापुढे आपण स्वतः कशाने निर्दोष ठरू याचा करतो, असा त्याचा युक्तिवाद आहे. हरणार हे ठाऊक असूनही नोंद करून ठेवायची, हा निर्णय त्याने विचारपूर्वक घेतला होता. त्यानंतर महिन्याभराने, १९ जानेवारी १७८६ रोजी, चित्रकार रेनॉल्ड्सची भाची मेरी पामर हिला लिहिलेले पत्र तर याहून उघडे आहे. या कामात आपला पक्ष म्हणजे ज्यांच्या चेहऱ्यावर गोरेपणाची कांती नाही अशी, पण त्याच ईश्वराची प्रतिमा असलेली माणसे आहेत आणि गोऱ्यांना ते रुचो वा न रुचो, आपण काय करतो आहोत हे आपल्याला नीट ठाऊक आहे, असे तो तिला सांगतो. अठराव्या शतकातील ब्रिटिश सभासदाने एका स्त्रीला लिहिलेल्या खासगी पत्रातील हे विधान आहे. ते व्याख्यानपीठावरून टाळ्या घेण्यासाठी केलेले नाही, म्हणून त्याचे वजन अधिक.

खटला १३ फेब्रुवारी १७८८ रोजी सुरू झाला आणि सात वर्षे रेंगाळला. प्रत्यक्ष बैठकीचे दिवस दीडशेच्या आसपासच भरले. लोक कंटाळले, उमराव पांगले, साक्षीदार थकले. २३ एप्रिल १७९५ रोजी हेस्टिंग्ज निर्दोष सुटला. बर्क त्यापूर्वीच, १७९४ मध्ये, संसदेतून बाहेर पडला होता. मृत्यूच्या वर्षभर आधी, २८ जुलै १७९६ रोजी, फ्रेंच लॉरेन्स या स्नेह्याला लिहिलेल्या पत्रात त्याने आपली अखेरची इच्छा सांगितली. बाकी सारे विसरले गेले तरी चालेल, हिंदुस्थानविषयक काम तेवढे जतन व्हावे, तेच आपले स्मारक, असा त्याचा आग्रह आहे. ज्या कामात तो सरळसरळ हरला, त्याचीच त्याने आठवण राखायला सांगितले.

आता पुन्हा काशीच्या सह्यांकडे वळू. काशीत हेस्टिंग्जची देवाप्रमाणे पूजा होते, असे त्याच्या बाजूने सांगितले गेले तेव्हा बर्कने दिलेले उत्तर मॅकॉलेने आपल्या निबंधात टिपले आहे. हिंदू जसे प्रेमाने देवांना पुजतात तसेच भयाने देवीच्या रोगाच्या आणि हत्येच्या दैवतांनाही पुजतात, तेव्हा त्या पंगतीत हेस्टिंग्जला बसवायला आपली हरकत नाही, असा त्याचा आशय होता. उत्तर फर्मास होते. पण पंडितांवर अन्याय करणारेही होते. अहिल्याबाईंनी उभारलेले विश्वेश्वराचे देऊळ तेव्हा नवेकोरे होते. महाराष्ट्रातून येणाऱ्या यात्रेकरूला कर, लूट आणि अडवणूक यांची धास्ती असे. हेस्टिंग्जने १७८१ मध्ये नेमलेले न्यायाधीश अली इब्राहीम खान यांच्या कारकिर्दीत शहराला स्वास्थ्य लाभले, हे खोटे नव्हते. चार्ल्स विल्किन्सने केलेल्या भगवद्गीतेच्या इंग्रजी भाषांतराची शिफारस करणारे हेस्टिंग्जचे प्रसिद्ध पत्रही ऑक्टोबर १७८४ मध्ये काशीहूनच लिहिलेले आहे. संस्कृत विद्येची कदर करणाऱ्या अधिकाऱ्याला शास्त्र्यांनी दुवा दिला तर त्यात नवल ते काय?

बर्कही धुतल्या तांदळासारखा नव्हता. त्याची बरीच माहिती फ्रान्सिसकडून येत होती आणि फ्रान्सिस हा हेस्टिंग्जचा हाडवैरी. या दोघांत पिस्तुलांचे द्वंद्व झाले होते. बर्कचा आप्त विल्यम बर्क हा तंजावरच्या तुळजाराजे भोसल्यांचा वकील म्हणून काम करीत होता. त्यामुळे तंजावरच्या बाजूने बर्कने जे बोलणे केले त्यात तत्त्व किती आणि घरचा स्वार्थ किती, असा प्रश्न त्याच्या हयातीतच विचारला गेला. व्यासपीठावर त्याची भाषा सुटे आणि काही आरोप पुराव्याच्या पुढे धावत. दहा खंडांची पत्रे या उणिवाही लपवत नाहीत. संपादकांनी पुतळा घडवलेला नाही, माणूस मांडला आहे.

मग या दोन कागदांत खरा फरक कोणता? पंडितांनी लिहिले ते असत्य आणि बर्कने लिहिले ते सत्य, असा नाही. फरक वाटेचा आहे. प्रशस्तिपत्र सत्तेपर्यंत आपोआप पोहोचते. त्याला पालखी मिळते, भाषांतरकार मिळतो, टपालखर्च मिळतो. ज्या रयतेवर चाळीस लाखांचा बोजा गेला तिचे पत्र मात्र वेस्टमिन्स्टरपर्यंत पोहोचण्याचा मार्गच नव्हता. ते कोणीतरी शोधावे लागते, प्रतिवृत्तांच्या पानांतून, हिशेबांच्या तफावतीतून, नाराज अधिकाऱ्याच्या बोलण्यातून. बर्कचा पत्रव्यवहार हा अशा न आलेल्या पत्रांच्या शोधाचा वृत्तान्त आहे, आणि लोकप्रतिनिधीचे निम्मे काम तेच असते, असे या लेखकाचे मत आहे.

आपल्या संसदेला हे नव्याने सांगण्याची वेळ आली आहे. न आलेले पत्र शोधण्याची जागा म्हणजे समिती. तेथे साक्षी होतात, अधिकाऱ्यांना कागद आणावे लागतात आणि कॅमेरा नसल्याने सभासद पक्षाचा अंगरखा थोडा सैल करून बोलतात. पीआरएस या संसदीय अभ्यास संस्थेच्या नोंदींनुसार पंधराव्या लोकसभेच्या काळात सुमारे ७० टक्के विधेयके समित्यांकडे गेली होती. सतराव्या लोकसभेच्या काळात हे प्रमाण १६ टक्क्यांच्या आसपास आले. सत्ताधाऱ्यांना घाई असते, हे कोणत्याही पक्षाच्या सरकारबाबत खरे आहे. पण विरोधी बाकांवरूनही समितीच्या कंटाळवाण्या कामापेक्षा सभागृहाच्या हौद्याकडे धावण्याची हौस अधिक दिसते. फलक दुसऱ्या दिवशीच्या छायाचित्रात येतो. प्रतिवृत्ताचे टिपण कोणी छापत नाही. यात आम्हा वार्ताहरांचा वाटाही मान्य केला पाहिजे.

या अनास्थेची किंमत कोण चुकवतो, हे काशी आणि महाराष्ट्र या दोघांनाही ठाऊक असलेल्या एका उदाहरणाने स्पष्ट होईल. २०२० च्या टाळेबंदीत मुंबई, ठाणे, पुण्याहून लक्षावधी मजूर पूर्वांचलाकडे निघाले. कोणी श्रमिक गाडीने, कोणी ट्रकच्या हौद्यातून, कोणी पायी. त्यानंतरचे पहिले अधिवेशन १४ सप्टेंबर २०२० रोजी सुरू झाले. त्या अधिवेशनात प्रश्नोत्तराचा तास नव्हता. लेखी उत्तरे तेवढी होती. एक कोटीहून अधिक स्थलांतरित कामगार आपापल्या राज्यांत परतले, असे श्रम मंत्रालयाने सांगितले. त्यांपैकी वाटेत किती मरण पावले, या प्रश्नावर अशी माहिती ठेवली जात नाही, असे उत्तर आले. परतणाऱ्यांची गणती होती, मेलेल्यांची नव्हती. त्याच आठवड्यात राज्यसभेत रेल्वेमंत्र्यांनी श्रमिक गाड्यांत ९७ जणांचा मृत्यू झाल्याचा आकडा दिला. तो कागदावर आला, कारण कोणी तरी तो नेमकेपणाने विचारला होता. रस्त्यावर मेलेल्यांच्या याद्या मात्र वृत्तपत्रांची कात्रणे जमवून अभ्यासकांना कराव्या लागल्या.

हा मजूर मुंबईत राबतो, पण त्याचे नाव बहुधा मतदारयादीत असते ते गावाकडे. मुंबईच्या खासदाराला त्याच्या मताची गरज नाही. गावाकडच्या खासदाराला त्याच्या मुंबईतील हालांची खबर नाही. तो दोन्हीकडचा असून कोणाचाच नाही. आपल्याकडे त्याच्याविषयी जे राजकारण होते ते त्याला हाकलण्याचे किंवा छटपूजेच्या मंडपात त्याला हार घालण्याचे. त्याच्या वतीने समितीत कागद मागणारा सभासद विरळा. ज्याचे मत आपल्याला मिळणार नाही त्याच्यासाठी आपण काही देणे लागतो का, हा बर्कपुढचा प्रश्न असा अगदी आपल्या दारात येऊन उभा राहतो. ब्रिस्टलच्या व्यापारी मतदारांना न रुचणारी भूमिका घेतल्याने १७८० मध्ये बर्कला तो मतदारसंघ सोडावा लागला होता, आणि पुढचे सारे हिंदुस्थानविषयक काम त्याने माल्टन या आश्रयदात्याच्या मतदारसंघातून केले. म्हणजे मतपेटीच्या भीतीतून तो सुटला होता. आपल्या राज्यसभेच्या सभासदांनाही ती भीती थेट नाही. त्या सवलतीचा उपयोग कशासाठी व्हावा, हे त्यांनी स्वतःला विचारावे.

दूधविनायकाच्या गल्लीत शिरताना या साऱ्याची सांगड आपोआप लागते. तीनशे वर्षांपूर्वी महाराष्ट्रातून आलेल्या माणसांना या शहराने परके म्हणून बाहेर काढले नाही. त्यांचा आचार, त्यांची चूल, त्यांचा गणपती सामावून घेतला. त्यांच्या पंडितांनी सत्ताधाऱ्याला प्रशस्तिपत्र दिले, कारण त्यांना सुरक्षितता लाभली होती. ज्यांना ती लाभली नव्हती त्यांची सही घ्यायला कोणी गेले नाही. आजही प्रत्येक सरकारपाशी समाधानी लोकांच्या सह्यांचे गठ्ठे असतात आणि त्या सह्या बहुधा खऱ्याच असतात. संसदेने त्या वाचाव्यात, मान डोलवावी आणि मग विचारावे की दुसरा गठ्ठा कोठे आहे. तो विचारणारे दहा सभासद प्रत्येक सभागृहात मिळाले, तरी मुंबईहून पायी निघालेल्या माणसाची नोंद पुढच्या वेळी कात्रणांतून शोधावी लागणार नाही.